टीव्हीची झाडाझडती टीव्हीवरच : असे कार्यक्रम आपल्याकडे का होत नाहीत?

पांझराकाठ (धुळे)

नाटकाचं परीक्षण पेपरात येतं, सिनेमाचं येतं, पुस्तकाचं येतं. टीव्ही घराघरांत रोज तासन्‌तास चालतो, पण त्याच्याबद्दल छापून येतं ते एवढंच, की अमक्या मालिकेत नवी एन्ट्री झाली आणि तमकीने मालिका सोडली. खुद्द टीव्हीवर टीव्हीविषयी काय दिसतं? सेटवर कुणाचा तरी वाढदिवस, केक, टाळ्या, संपलं.

बाहेरच्या देशांत मात्र टीव्हीनेच टीव्हीची हजेरी घेतल्याचे बरेच नमुने आहेत. हल्ली त्यांचे जुने भाग यूट्यूबवर शोधून बघायचा नाद लागलाय, म्हणून हा धागा.

ऑस्ट्रेलियात एबीसी ही सरकारी पैशावर चालणारी वाहिनी आहे. तिच्यावर १९८९ साली 'मीडिया वॉच' सुरू झाला. सोमवारची रात्र, जेमतेम पंधरा मिनिटं. एक माणूस टेबलाशी बसतो आणि आठवडाभरात कुणी काय थापा मारल्या, कुणी कुणाची बातमी ढापली, कुणी जाहिरात बातमी म्हणून खपवली, हे पुराव्यानिशी दाखवतो. पहिले सूत्रधार स्टुअर्ट लिटलमोर हे वकीलही होते, त्यामुळे सगळा बाज उलटतपासणीचा. १९९९ मध्ये, रिचर्ड अ‍ॅकलंड सूत्रधार असताना, कार्यक्रमाने मोठंच लफडं बाहेर काढलं. जॉन लॉज नावाचा रेडिओवरचा बडा निवेदक आधी बँकांवर तोंडसुख घ्यायचा, आणि मग अचानक बँकांचं गुणगान गायला लागला. मधल्या काळात बँकांच्या संघटनेशी त्याचा पैशांचा करार झाला होता! रीतसर चौकशी बसली. पुढच्याच वर्षी एबीसीने 'मीडिया वॉच' बंद केला आणि २००२ मध्ये परत आणला. गंमत म्हणजे हा कार्यक्रम खुद्द एबीसीलाही सोडत नाही.

इटलीत राई ३ वर १९८९ पासूनच 'ब्लॉब' आहे. त्यात निवेदक नाही, चर्चा नाही, मत नाही. वेगवेगळ्या चॅनेलांवर दाखवलं गेलेलं उचलायचं आणि तुकडे एकमेकांना जोडून दाखवायचे, बस्स. मंत्र्याच्या भाषणाला लागून साबणाची जाहिरात आली की आणखी काही बोलायची गरजच उरत नाही.

पण मला सगळ्यात भावला तो ब्रिटनचा चार्ली ब्रूकर. पेपरात टीव्हीवर सदर लिहायचा, २००६ मध्ये बीबीसी फोरवर 'स्क्रीनवाइप' घेऊन आला. वरवर पाहिलं तर सोफ्यावर बसून टीव्हीला शिव्या घालणारा माणूस. पण तो नुसता चिडत नाही, यंत्र उघडून दाखवतो. रिअ‍ॅलिटी शोमध्ये संकलनाची कात्री काय करते हे त्याने स्वतःच असं चित्रीकरण करून दाखवलंय. कुणीतरी जांभई देतं, कुणीतरी भलत्याच वेळी हसतं. ते दोन तुकडे शेजारी ठेवले की प्रेम तयार, उलटे ठेवले की भांडण तयार. २००९ मध्ये त्याचा 'न्यूजवाइप' आला. त्याच्या पुढच्या पर्वात, २०१० मध्ये, बातमीचं पॅकेज कसं रचतात हे त्याने तसंच पॅकेज करून दाखवलं. म्हणजे असं, की आता मी कॅमेऱ्याकडे चालत येतो, आता उगाच हात हलवतो, आता रस्त्यावरच्या लोकांची मतं, आता आकडे आले म्हणून ग्राफिक. दोनेक मिनिटांचा तुकडा आहे. तो पाहिल्यापासून मला कुठल्याच चॅनेलची बातमी सरळ बघता येत नाही. वार्ताहर चालायला लागला की हसू येतं. हाच ब्रूकर पुढे 'ब्लॅक मिरर'चा कर्ता म्हणून जगभर गाजला.

जपानात तर फुजी टीव्ही स्वतःच्याच कार्यक्रमांवर टीका करणारा कार्यक्रम चालवायची. वेळ मात्र शनिवारी पहाटेची. आत्मपरीक्षण करायचं, पण कुणी जागं नसताना!

आपल्याकडे जसपाल भट्टींनी १९८९ च्या 'फ्लॉप शो'त टीव्ही मालिका काढणाऱ्यांवरच एक भाग केला होता, तोही दूरदर्शनवर. १९ फेब्रुवारी २०१६ ला रवीश कुमार यांनी एनडीटीव्ही इंडियावर पडदा काळा ठेवला आणि जेएनयू प्रकरणात निवेदकांनी केलेला आरडाओरडा नुसता ऐकवला. चित्र काढून घेतल्यावर त्या आवाजांत काय उरतं, ते ऐकण्यासारखं होतं. पण ती एक रात्र झाली. दर आठवड्याला नेमाने हे काम करणारा कार्यक्रम मराठीत का नाही? 'चला हवा येऊ द्या'ने मालिकांची टर उडवली हे मान्य. पण ती घरातली थट्टा. ज्यांची टर उडवली तेच समोर बसून हसतात आणि जाता जाता नव्या मालिकेची वेळ सांगून जातात.

तुमचं काय मत?

आबाना_पोरगा (शिरपूर)

भो, मन्ही माय रोज टीव्हीनी समीक्षा करस. मालिका चालू व्हयनी की म्हणस, "ह्या बाईले घरमा काई कामधंदा नही का? रातले बी भारी लुगडं नेसीसन जपस!" तुन्हा ब्रूकरले सांग, शिरपूरले ये.

रेल्वेकॉलनी (भुसावळ)

हहपुवा (हसून हसून पुरेवाट). आमच्या सासूबाईंचीही तीच तऱ्हा. कानबाईच्या रोटांच्या दिवशीसुद्धा आठची मालिका चुकवत नाहीत, पण बघतात ती पंच म्हणून. "आता ही दाराआडून ऐकेल." ऐकते. "आता फोन वाजंल, पण तो उचलायचा नाही." उचलत नाही. एकदा मी विचारलं, एवढं सगळं आधीच कळतं तर बघता कशाला? म्हणाल्या, "बरोबर निघतं का ते पाहाले."

मला मात्र पांझराकाठ यांच्या लेखात बातम्याच जास्त दिसल्या, मालिका सुटल्या. खरी चिकित्सा मालिकांची व्हायला हवी, कारण बातम्या घरातले पुरुष अर्धा तास बघतात आणि मालिका सगळं घर बघतं. थोबाडीत मारल्याचा एकच क्षण तीन बाजूंनी दाखवतात, मग खोलीतल्या प्रत्येकाचं तोंड, प्रत्येकावर ढॅण. लोक म्हणतात लेखकाला सुचत नाही. मुद्दा तो नाही. रोज एक भाग द्यायचा, चित्रीकरण आणि प्रक्षेपण यांत कधीकधी दोन-चार दिवसांचंच अंतर, आणि दर गुरुवारी टीआरपी हातात. पात्राचा आकडा चढला की त्याचा ट्रॅक लांबतो, पडला की त्याला परदेशी पाठवतात नाहीतर जिन्यावरून ढकलतात. ही गोष्ट कुणी टीव्हीवर समजावून सांगितली तर मी रोज बघेन.

आणि दूरदर्शनवर याची सुरुवात झाली होती की! 'हम लोग' (१९८४-८५) आठवा. प्रत्येक भागाच्या शेवटी अशोक कुमार यायचे आणि आज अमका असं का वागला, तुम्हाला काय वाटतं, असं बोलायचे. प्रेक्षकांच्या पत्रांचा नुसता पाऊस पडायचा. उपदेशाचा भाग जास्त होता, कबूल. पण गोष्ट थांबवून प्रेक्षकाशी गोष्टीबद्दल बोलणं चालू होतं. आता मालिका संपते आणि दुसरी आदळते. मधे श्वास घ्यायला जागा नाही.

रिमोट_माझा (नाशिक)

कशाला एवढा ऊहापोह? आवडलं नाही तर चॅनेल बदला. रिमोट हीच समीक्षा.

केबलवाला_भो (चोपडा)

रिमोट_माझा, तुमच्या रिमोटची दखल घेतंय कोण? हा धंदा मी जवळून पाहिलाय म्हणून सांगतो.

टीआरपी मोजणारी संस्था बार्क. २०१५ मध्ये त्यांचे आकडे यायला लागले, आणि खेडी त्यात त्याच वर्षीच्या ऑक्टोबरपासून धरली. त्याआधी देशाचं मत म्हणजे शहराचंच मत होतं. काही निवडक घरांत मीटर बसवलेलं असतं. चॅनेलच्या आवाजातच कानाला न ऐकू येणारी खूण पेरलेली असते, ती मीटर टिपतो. घरातल्या प्रत्येक माणसाने आपापलं बटण दाबायचं, म्हणजे कोण बघतंय ते कळतं. २०२० साली अशी घरं होती ४४ हजार आणि देशात टीव्ही असलेली घरं २१ कोटींच्या आसपास. करा भागाकार. एका मीटरमागे पावणेपाच हजार घरं. तुमच्या घरात मीटर नसेल तर तुम्ही चॅनेल बदलला काय आणि टीव्ही फोडला काय, त्या गुरुवारच्या आकड्याला पत्ता लागत नाही.

नमुना पाहणी शास्त्रात बसते, त्याबद्दल माझी तक्रार नाही. पण घरं कमी असली की फितवणंही सोपं. ऑक्टोबर २०२० मध्ये मुंबई पोलिसांनी टीआरपी घोटाळ्याचा गुन्हा दाखल केला, आरोप हाच, की मीटरवाल्या घरांना पैसे देऊन ठरावीक चॅनेल चालू ठेवायला लावलं. त्यानंतर बातम्यांच्या चॅनेलांचे आकडे बंद झाले ते मार्च २०२२ मध्ये परत सुरू झाले. म्हणजे जवळपास दीड वर्ष आकडेच नव्हते. ओरडाआरडा कमी झाला का? तुम्हीच आठवून बघा. मला तरी फरक दिसला नाही. सगळा दोष टीआरपीवर टाकणारे इथे अडकतात.

पांझराकाठ

केबलवाला_भो, हा शेवटचा मुद्दा जबरी आहे. मी स्वतः 'टीआरपीमुळे' हा शब्द सगळ्यावर रामबाण म्हणून वापरणाऱ्यांतला.

अमळनेरकर

धागा छान, पण मूळ गृहीतकालाच हात घालतो. टीव्हीवरून टीव्हीची चिकित्सा होऊ शकते का?

फ्रान्समध्ये १९९५ पासून 'आरे स्युर इमाज' नावाचा कार्यक्रम होता. दानिएल श्नायडरमान हा पत्रकार आठवड्यातली दृश्यं थांबवून थांबवून तपासायचा. जानेवारी १९९६ मध्ये त्याने पिएर बूर्दिय या समाजशास्त्रज्ञाला बोलावलं. विषय होता १९९५ च्या अखेरीस झालेल्या मोठ्या संपांचं टीव्हीने केलेलं वार्तांकन. बूर्दिय गेले, आणि बाहेर आल्यावर त्यांनी 'ल मोंद दिप्लोमातिक'मध्ये लेखच लिहिला. त्याचा मथितार्थ असा : टीव्हीवर टीव्हीची टीका करता येत नाही, कारण कुणाला किती वेळ, कुणाला मधेच तोडायचं, कॅमेरा कुणाच्या चेहऱ्यावर, हे सगळं टीव्हीच ठरवतो. टीकाकार बोलायला तोंड उघडतो तेव्हाच तो त्या मांडणीत सापडलेला असतो. श्नायडरमानने पुढच्या अंकात उत्तर दिलं, खडाजंगी झाली.

मग बूर्दिय यांनी त्याच वर्षी टीव्हीवर दोन व्याख्यानं दिली, पण आपल्या अटींवर. कॅमेरा समोर स्थिर, वेळेचं बंधन नाही, मधे कुणी बोलणार नाही, दृश्यांची पेरणी नाही. एक माणूस टेबलाशी बसून बोलतोय. आपल्या डोळ्यांना ते कंटाळवाणं वाटतं, आणि ते का वाटतं हाच त्यांचा मुद्दा.

'आरे स्युर इमाज' २००७ मध्ये वाहिनीने बंद केला. तो आज इंटरनेटवर वर्गणीदारांच्या पैशावर चालतो. आपल्याकडेही हेच झालं. 'न्यूजलाँड्री' २०१२ मध्ये निघाली ती इंटरनेटवरच. तिथे मनीषा पांडे यांचा 'टीव्ही न्यूसन्स' दर आठवड्याला हिंदी-इंग्रजी चॅनेलांची चिरफाड करतो, आणि 'जाहिरातदार नको, वर्गणीदार हवा' हेच त्यांचं घोषवाक्यवजा म्हणणं. म्हणजे सोनारानेच कान टोचावेत असं आपण कितीही म्हटलं तरी सोनार दुकानाबाहेर काढला जातो.

पांझराकाठ

सर, बूर्दिय यांचा मुद्दा कळतो, पण पूर्ण पटत नाही. 'मीडिया वॉच' तीन दशकांहून जास्त टीव्हीवरच टिकलाय. मला फरक पैशाच्या वाटेत दिसतो. एबीसी आणि बीबीसी यांचा पैसा जाहिरातदाराकडून येत नाही, म्हणून त्यांना दुसऱ्याची उणीदुणी काढायची मुभा आहे. आपल्याकडे तशी जागा कुठली? राज्यसभा टीव्हीवर उर्मिलेश यांचा 'मीडिया मंथन' होता. तो सार्वजनिक पैशावरच. खाजगी वाहिन्यांत सगळं तेरी भी चुप, मेरी भी चुप. आज मी तुझं काढलं तर उद्या तू माझं काढशील.

अवांतर : 'टीव्ही न्यूसन्स'सारखं मराठीत कुणी करत असेल तर लिंक द्या.

गिरणेचं_पाणी (पाचोरा)

त्या काळ्या पडद्याचं कौतुक कशाला? स्वतःचा पक्ष असलेल्यांनी दुसऱ्यांना शिकवू नये. सगळी चॅनेलं विकली गेलीत, फक्त गिऱ्हाईक वेगवेगळं. अमुक पक्षाचं सरकार होतं तेव्हा

संपादक

गिरणेचं_पाणी, प्रतिसादाचा पुढचा भाग काढला आहे. पक्षांची उणीदुणी काढायला वेगळे धागे आहेत. इथे कार्यक्रमांवर बोला.

पूर्वाश्रमीचा_स्ट्रिंगर (जळगाव)

बरीच वर्षं वाचनमात्र होतो. आज लिहितो, कारण वरची चर्चा सगळी स्टुडिओपर्यंत जाऊन थांबली. बातमी जिथून उचलली जाते तिथलं कुणीच बोललं नाही.

मी जिल्ह्यात एका मराठी वृत्तवाहिनीचा बूम (चॅनेलचं नाव असलेला माईक) सांभाळायचो. नाव घेत नाही. स्ट्रिंगर म्हणजे नोकर नव्हे, बातमीमागे पैसे. बातमी लागली तर पैसे, नाही लागली तर पेट्रोल आपल्या खिशातलं. वरून वर्धापनदिन आला की जाहिराती आणा, नेत्याचा वाढदिवस आला की शुभेच्छांची जाहिरात आणा. ज्याच्याकडून सकाळी जाहिरात आणली त्याच्याविरुद्ध दुपारी बातमी कोण पाठवेल?

एक प्रसंग सांगतो. जूनमधे रावेर-यावल पट्ट्यात वादळ आलं. त्या महिन्यात तिकडे वादळ ही काही नवलाई नाही, आणि केळीचा घड भरलेला असतो तेव्हाच ते येतं. बागाच्या बागा एका दिशेला झोपल्या होत्या. मी मोटरसायकलवर पोचलो. बांधावर एक शेतकरी भेटला, त्याच्या हातात वही. तो रडत नव्हता. हिशेब करत होता. खोडं किती मोडली, ठिबकच्या नळ्यांचं काय, घड कापून मिळेल त्या भावात गेले तर वाहतूक तरी निघेल का. मग विम्यावर आला. हवामानावर आधारित फळपीक विम्यात वाऱ्याचा वेग मोजतात तो महसूल मंडळातल्या हवामान केंद्रावर, तुमच्या शेतात नाही. केंद्र काही किलोमीटरवर, वादळाचा पट्टा अरुंद. यंत्राने ठरलेला वेग दाखवला नाही तर तुमची बाग आडवी असूनही कागदावर वादळ झालेलंच नाही. इतकं स्वच्छ मला कृषी खात्याच्या माणसानेही कधी सांगितलं नव्हतं. मी सलग सात-आठ मिनिटं चित्रित केलं. मनात म्हटलं, आज पॅकेज होणार.

असाइनमेंट डेस्कवरून फोन आला. "व्हिज्युअल चांगले आहेत. रडणारा शेतकरी आहे का?" म्हटलं, हा बोलतोय ते ऐका, मोठी बातमी आहे. "ते टेक्निकल होतंय. घरातली बाई वगैरे बघ." बांधाच्या पलीकडे त्याची म्हातारी आई बसली होती. कॅमेरा दिसल्याबरोबर तिचा बांध फुटला. ती वीस सेकंदं रात्रीपर्यंत चालली, खाली करुण संगीत, वर 'बळीराजा हवालदिल'. वहीवाला कुठेच नाही. शिवाय मधे एक हिरवीगार, उभी बाग दाखवली, ती आधीच्या कुठल्यातरी वर्षीची. 'संग्रहित' असं लिहिलंही नव्हतं.

त्या शेतकऱ्याने दुसऱ्या दिवशी फोन करून एवढंच विचारलं, "भाऊ, मी काही चुकीचं बोललो होतो का?"

म्हणून म्हणतो, तुमच्या त्या मराठी 'मीडिया वॉच'ला स्टुडिओत बसून भागणार नाही. टीव्हीवर जे दिसलं ते तपासणं सोपं आहे. जे पाठवलं होतं आणि दिसलं नाही, ते कोण तपासणार?

केळीबाग (रावेर)

स्ट्रिंगरभाऊ, वाचून अंगावर काटा आला. आमच्या गावात असंच झालं आहे. वादळ झालं की गाड्या येतात, मुंबईचा अँकर विचारतो, "तुम्हाला आत्ता कसं वाटतंय?" विम्याचे पैसे आठ-दहा महिने येत नाहीत तेव्हा कुणाचीच गाडी येत नाही, कारण तेव्हा दाखवायला काही पडलेलं नसतं.

आणि २०२० च्या सुमाराला केळीवर कुकुंबर मोझॅक व्हायरस आला, लोकांनी रोपं उपटून फेकली, तेव्हा 'केळी खाणं धोक्याचं?' असल्या पट्ट्या मोबाईलवर फिरायला लागल्या. रोग झाडाचा, माणसाला त्याचा काही संबंध नाही. भाव मात्र आमचा पडतो.

रेल्वेकॉलनी

स्ट्रिंगर, तुमचा प्रतिसाद वाचल्यावर माझा 'ढॅण' आठवला. बातमीतही तेच केलं की! वहीतला माणूस कापला आणि आईच्या चेहऱ्यावर संगीत घातलं. मालिकेची कात्री आणि बातमीची कात्री एकच आहे.

जाता जाता आणखी एक. मालिकांनी बोली घेतल्या त्या कुठल्या? 'तुझ्यात जीव रंगला' कोल्हापूर, 'लागिरं झालं जी' सातारा, 'रात्रीस खेळ चाले' मालवणी. विनोदाला वऱ्हाडी. आपली अहिराणी आणि लेवा बोली या पंगतीत क्वचितच, आणि आलीच तर रिक्षावाला नाहीतर मोलकरीण म्हणून. तिकडे यूट्यूबवर मालेगाव-जळगाव पट्ट्यातल्या पोरांनी खानदेशी विनोदाला कोट्यवधी प्रेक्षक मिळवले, तरी वाहिन्यांचा नकाशा कसारा घाटाच्या अलीकडे येत नाही.

आबाना_पोरगा

आक्का, बराबर शे. टीव्हीवाला खानदेशमा दोनच टायमाले येतस. निवडणूक, नही ते मे महिनामा "जळगाव तापलं" सांगाले. रस्तावर अंडं फोडीसन ऑम्लेट करी दखाडतस. भो, कधी वांगानं भरीत बी दखाडा!

रिमोट_माझा

स्ट्रिंगर यांचा अनुभव वाईटच आहे. पण मग तक्रार करायची सोय आहे ना? लोक करतच नाहीत.

केबलवाला_भो

सोय आहे, कागदावर. बातम्यांच्या वाहिन्यांची स्वतःची एक संस्था २००८ पासून आहे, आता तिचं नाव एनबीडीएसए. न्या. जे. एस. वर्मा तिचे पहिले अध्यक्ष होते. आधी सात दिवसांच्या आत वाहिनीकडे तक्रार करायची, उत्तराने समाधान झालं नाही तर संस्थेकडे जायचं. पण जी वाहिनी सभासदच नाही तिला ते लागू नाही. दंड जास्तीत जास्त एक लाख. २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेच विचारलं होतं, की एक लाखाने कुणाला काय फरक पडतो? मालिकांसाठी वेगळी परिषद आहे, बीसीसीसी, २०११ पासून. तिची पट्टी पडद्याखाली सरकताना तुम्ही पाहिली असेल.

शिवाय तक्रार कशाची करणार? "माझा हिशेब दाखवला नाही, आईचं रडणं दाखवलं" हा कुठल्या कलमात बसतो?

सातपुडा_मास्तर (अक्कलकुवा)

उशिरा आलो, आमच्याकडे रेंजची बोंब. मी आश्रमशाळेत शिकवतो. मोठा कार्यक्रम कोण कधी काढेल ते काढेल, मी वर्गात एक लहानसं करतो ते लिहितो.

बातमीपत्राचा तुकडा डाऊनलोड करून आणतो. पहिल्यांदा आवाज बंद. पोरांनी लिहायचं, काय चाललंय असं वाटतं. दुसऱ्यांदा पडदा झाकायचा, नुसता आवाज. तिसऱ्यांदा दोन्ही. आठवीच्या पोरांना पहिल्याच वेळी दिसलं, की नदीला आलेल्या पुराचं एकच दृश्य फिरून फिरून येतंय, कारण पाण्यात वाहणारा तोच निळा ड्रम. मोठ्या माणसांना हे दिसत नाही, ती निवेदिकेचं ऐकत असतात.

सगळ्यात जड गेला तो नंदुरबारचा तास. मी ठरवून आपल्याच जिल्ह्याच्या बातम्या गोळा केल्या. बहुतेक सगळ्या कुपोषणाच्या, नाहीतर बांबूच्या झोळीतून पेशंट नेण्याच्या. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत. आमच्या पाड्यांवर रस्ता नाही हे कुणी दाखवू नये असं मी म्हणणार नाही, दाखवल्यामुळेच काही ठिकाणी रस्ते झाले. पण पोरांनी यादी केली, की टीव्हीतल्या आमच्या माणसांपैकी किती जण पूर्ण वाक्य बोलतात? जवळपास कुणीच नाही. त्यांच्याबद्दल दुसराच बोलतो. ती माणसं पावरीत, म्हणजे आमच्याकडच्या बोलीत, काही सांगायला लागली की आवाज खाली जातो आणि वार्ताहराचा वर येतो. एक मुलगी म्हणाली, "सर, ती बाई पाण्याचं बोलतेय, हे भुकेचं सांगताहेत." तिला पावरी कळत होती, बातमी करणाऱ्याला नव्हती.

अमळनेरकर

मास्तर, बूर्दिय यांच्यावर मी लिहिलं त्यापेक्षा तुमच्या त्या मुलीचं वाक्य वजनदार आहे.

आपल्या शेजारी गुजरातेत १९७५ पासून इस्रोच्या अहमदाबादच्या केंद्राने खेडा जिल्ह्यात असाच उलटा प्रयोग केला होता. पीज गावच्या छोट्या प्रक्षेपकावरून, गावकऱ्यांच्या बोलीत, गावातल्या शोषणावर कार्यक्रम, आणि कलाकारही बरेचसे गावचेच. १९८४ मध्ये युनेस्कोचा ग्रामीण संवादाचा पुरस्कार मिळाला त्याला. कॅमेरा कुणाच्या हातात, हा प्रश्न तिथे विचारला गेला होता.

पूर्वाश्रमीचा_स्ट्रिंगर

मास्तर, माझ्याकडे बरंच कच्चं चित्रीकरण पडून आहे. त्या वहीवाल्याचं सगळं बोलणंही आहे, वाहिनीने ते मागितलंच नव्हतं. त्याला विचारून, त्याची हरकत नसेल तर, मूळ चित्रीकरण आणि प्रक्षेपित झालेला तुकडा दोन्ही पाठवतो. पोरांना शेजारी ठेवून बघू द्या.

पांझराकाठ

स्ट्रिंगर, मलाही हवंय. मास्तर, आमच्या धुळ्याच्या वाचनालयात मोठ्या माणसांसाठी असा एक तास घ्यायचा विचार आहे. पडदा आणि स्पीकर आहेत. कुठला तुकडा घेऊ? रात्री नऊची चर्चा कशी राहील?

सातपुडा_मास्तर

पांझराकाठ, चर्चा घेऊ नका. मी एकदा घेतली होती. आवाज बंद केल्यावर आठ चौकटींत आठ माणसं नुसती तोंडं हलवताहेत आणि मधला हात उडवतोय, हे बघून पोरं जी हसत सुटली ती आवाज चालू केल्यावरही थांबेनात. तास तिथेच संपला. आधी हवामानाची नाहीतर बाजारभावाची बातमी घ्या. लोकांना त्यातलं स्वतःला माहीत असतं, त्यामुळे बोलती होतात. स्ट्रिंगरभाऊंचा वहीवाला मिळाला तर त्याच्यापासूनच सुरुवात करा.